ग्दान्स्कचा थांबा

"रस्ता ठरवायचं काम ज्याच्या हाती देता, त्याच्या हाती आपली मानही देता," असं लेओकादिया एकदा म्हणाली होती.

तेव्हा ती पोलंडमधल्या लुब्लिन शहरात एका कचेरीत कारखान्यांतल्या कामगारांच्या सहली आखायची. टेबलापलीकडे एक मुकादम बसला होता. बस कुठून न्यायची, कुठे थांबवायची याच्याशी त्याला काही देणंघेणं नव्हतं. बिअर गार असली की झालं. त्यावर ती हे बोलली आणि मुकादम हसला. ती हसली नाही. ही बाई विनोद करतेय की धमकी देतेय, हे तिच्याबाबतीत लोकांना कधी कळायचं नाही. पुढे पुढे तिलाही कळेनासं झालं असावं.

ती निवृत्त झाली, कचेरी मोडली, त्या जागी चष्म्यांचं दुकान आलं. पण वाक्य तिच्याजवळ राहिलं. आणि या वसंतात तिच्या धाकट्या भावाने, सेवेरिनने, आपली मान आपल्याच पायांनी चालत येऊन तिच्या हाती दिली.

रविवारी दुपारी तो आला. तीन मजले चढून आल्यामुळे धापा टाकत होता, हातात खसखशीच्या केकचा खोका होता. बायको गेल्यापासून तो रविवारी जेवायला येतच असे; केक मात्र काही मागायचं असलं तरच आणायचा. लेओकादियाने खोका पाहिला आणि चुक्याच्या सूपमध्ये उकडलेलं अंडं चिरता चिरता वाट पाहिली.

"लोजा, कायेतान येतोय," तो म्हणाला. घरात तिला लोजाच म्हणत. कायेतान त्याचा मुलगा, आयर्लंडमध्ये तिथल्याच मेव्हशी लग्न करून स्थायिक झालेला. "मेव्ह, पोरी, सगळे. ऑगस्टमध्ये."

"येऊ दे. चादरी आहेत माझ्याकडे."

"चादरींचं नाही गं. मला त्यांना फिरवायचंय. गाडीने. सान्दोमिएश, क्राकुव, तोरुन, माल्बोर्कचा किल्ला, मग समुद्र, आणि येताना सरोवरं आणि ब्यावोव्येझाचं जंगल. बाबांनी आपल्याला फिरवलं होतं अगदी तसं."

"आपल्याला," लेओकादिया म्हणाली.

"म्हणजे आम्हाला. तू तेव्हा यंत्राची राखण करत होतीस." तो हसला आणि त्याने पावाचा तुकडा सूपमध्ये बुडवला. "तू आखून दे. तुझ्यासारखं कुणाला जमणार? आणि तूही चल. या वेळी गाडी मोठी घेऊ. सगळ्यांना जागा."

ती उठून खिडकीशी गेली. खाली, चेस्टनटच्या झाडाखाली कुणीतरी गालिचा टांगून बडवत होतं. धप्, धप्. तिने खिडकी लावून घेतली. मग म्हणाली, "आखते."

सेवेरिनला वाटलं, केक कामाला आला.

*

त्या उन्हाळ्याची गोष्ट घरात सगळ्यांना पाठ होती. नाताळच्या आदल्या संध्याकाळी रिवाजाचे बाराही पदार्थ टेबलावरून फिरून झाले, कार्प माशाचे काटे ताटांच्या कडेला लागले, की सेवेरिन खुर्ची मागे ढकलून ती सांगायला घ्यायचा. ऐंशीच्या दशकातले दिवस. दुकानांत व्हिनेगर आणि चहा सोडून काही नाही. वडील ट्रॉलीबसच्या डेपोत मेकॅनिक. कित्येक वर्षं थांबून त्यांना काडेपेटीएवढी फियाट मिळाली होती. तिच्यात चौघं बसून देश बघायचा, हा त्यांचा बेत. नेमकं तेव्हाच समजलं की पेठेतल्या दुकानात कपडे धुण्याची यंत्रं येणार आहेत. कधी, ते कुणाला माहीत नाही. लोकांनी रांग लावली, रांगेची कमिटी झाली, सकाळ-संध्याकाळ हजेरी सुरू झाली. एका हजेरीला नाव पुकारल्यावर उत्तर आलं नाही, की नाव कटाप.

"मग काय," सेवेरिन सांगायचा, "आम्ही माल्बोर्कच्या बुरुजावर, आणि आपली लोजा घडीच्या स्टुलावर. आम्ही समुद्रात, आणि लोजा ओरडतेय, हजर."

सगळे हसायचे. न बोलावलेल्या पाहुण्यासाठी मांडलेलं रिकामं ताट दरवर्षी कसं कोण जाणे लेओकादियाच्याच शेजारी यायचं. ती त्या ताटाकडे पाहायची आणि तीही हसायची.

गोष्टीत एक भाग नसायचा. ठरलं होतं वेगळंच. पहिला आठवडा लोजाने रांग सांभाळायची, दुसरा सेवेरिनने. तोरुनला त्याने गाडीतून उतरायचं, रेल्वेने घरी यायचं, स्टुलावर बसायचं. आणि लोजाने रेल्वेने ग्दान्स्कला जाऊन आईवडिलांना गाठायचं. तिने निळा पोहण्याचा पोशाख शिवून ठेवला होता. समुद्र तिने पाहिलेला नव्हता.

सेवेरिन आलाच नाही. ती रांगेत राहिली. सगळे उन्हाने तांबूस होऊन परतले तेव्हा जिन्यातच त्याने तिला सांगितलं, "बाबा म्हणाले, दोघांची धावपळ कशाला. लोजा आहे तिथे बरी आहे." वडील मागून बॅग घेऊन वर येत होते. त्यांनी तिच्याकडे पाहिलं आणि काही न बोलता आत गेले. तिला वाटलं, ओशाळलेत. ओशाळू देत, असंही वाटलं.

त्या शरदात ती त्यांच्याशी बोलली नाही. सूप समोर ठेवायची, ताट उचलायची, शर्टाला बटण लावून द्यायची, पण बोलायची नाही. वडीलही बोलायचे नाहीत. यंत्र आलं. पिळायला लागलं की न्हाणीघरभर चालत सुटायचं, त्याला दोघांनी धरून ठेवावं लागायचं. एका बाजूने बाप, दुसऱ्या बाजूने मुलगी, मध्ये ते थरथरणारं धूड, आणि दोघंही मुकी. नोव्हेंबरमध्ये, पितरांसाठी थडग्यांवर लावलेले दिवे अजून विझले नव्हते तेव्हा, वडील डेपोत एका ट्रॉलीबसखाली काम करता करता गेले. हृदय.

एवढं तिने पचवलं होतं. बाप तसा होता, आणि ती त्याच्यासारखीच होती. लग्न केलं नाही, लोकांच्या सहली आखल्या, आईला सांभाळलं.

आईच्या शेवटच्या हिवाळ्यात दोघी स्वयंपाकघरात बीट सोलत बसल्या होत्या. आईचे हात मनगटांपर्यंत लाल झाले होते. मध्येच तिने विचारलं, "तो मुलगा पुढे कुठे गेला गं?"

"कोणता मुलगा?"

"अगं तो. ज्याच्यासाठी तू थांबलीस त्या उन्हाळ्यात. येत नाही म्हणालीस."

लेओकादियाने सुरी खाली ठेवली.

"आपल्या सेवेकने तोरुनहून शेजाऱ्यांकडे फोन केला होता ना," आई म्हणाली. "म्हणाला, लोजाला यायचं नाही, कुणीतरी आहे तिचं, तिला तिथेच राहायचंय. मी म्हटलं, जाऊ दे, वयच आहे. पण हे ऐकेनात. ठरल्या दिवशी गेले ग्दान्स्कच्या स्टेशनवर. रासबेरी घेतल्या होत्या, कागदाच्या पुडीत. तुला आवडायच्या म्हणून. सगळी गाडी रिकामी झाली, तरी उभे होते म्हणे. परत आले, पुडी माझ्या मांडीवर ठेवली. म्हणाले, मोठी झाली ती. बस, एवढंच."

आईने पुढचा बीट उचलला. लेओकादियानेही उचलला. कुणी मुलगा नव्हता. फोन आलाच नव्हता. सेवेरिनला आणखी एक आठवडा समुद्र हवा होता, आणि त्यासाठी त्याने बापाला एक खोटं सांगितलं, बहिणीला दुसरं. आणि दोघांच्या मध्ये तो आरामात झोपला, पोहला, मोठा झाला.

आईला तिने काही सांगितलं नाही. म्हाताऱ्या बाईला मरताना मुलगा हवा असतो. आईला पुरल्यानंतरच्या जेवणात सेवेरिन तिच्या खांद्यावर डोकं ठेवून रडला. तिथेच तिला कळलं, की याला एकट्याला गाठून विचारण्यात अर्थ नाही. हा रडेल. गळ्यात पडेल, माफी मागेल आणि मोकळा होईल. आणि मोकळं तर तिला त्याला होऊ द्यायचं नव्हतं. त्याने ते बोलायला हवं होतं ते त्याच्या माणसांसमोर. ज्यांच्यासमोर तो दरवर्षी तिला स्टुलावर बसवत होता, त्यांच्यासमोर.

अशी सात-आठ वर्षं गेली. राग शिळा होतो म्हणतात. तिचा झाला नाही. ती त्याला तळघरात ठेवत असे, बरण्यांत खारवलेल्या काकड्यांशेजारी, आणि अधूनमधून झाकण उघडून चव पाहत असे.

*

आखणी म्हणजे तिचं राज्य होतं. स्वयंपाकघराच्या टेबलावर तिने नकाशा पसरला, कोपऱ्यांवर साखरेचा डबा आणि ग्लास ठेवले. सेवेरिन दर रविवारी येऊन बोट ठेवी आणि ती त्या बोटाकडे पाही. त्याच्या बोटाला वडिलांसारखाच आखूड नखांचा चौकोनी शेंडा होता. याचाही तिला राग यायचा.

पहिल्या रविवारी तिने लहान सूड घेऊन पाहिला. क्राकुवमधली जी संग्रहालयं त्याला नातींना दाखवायची होती, ती सगळी तिने सोमवारी टाकली. सोमवारी दारं बंद. समुद्रकिनारा तिने पंधरा ऑगस्टच्या, मेरीच्या सणाच्या जोडसुट्टीत टाकला, म्हणजे वाळूवर पाय ठेवायला जागा नाही. जो तो कापडी आडोसे रोवून आपलं संस्थान मांडून बसलेला. सान्दोमिएशहून निघताना भर दुपारचा घाटरस्ता. मेव्हला गाडी लागते हे तिला माहीत होतं.

आठवडाभर ती त्यावर खूश होती. मग सोमवारच्या बंद दारासमोर उभ्या असलेल्या दोन पोरी तिच्या डोळ्यांसमोर आल्या. त्यांनी काय केलं होतं? आणि सेवेरिन तर तिथेही काहीतरी विनोद करेल, आईसक्रीम घेऊन देईल, नाताळला सांगायला आणखी एक गोष्ट होईल. बंद दारं ही कारकुनाची शिक्षा आहे, असं तिने स्वतःलाच सुनावलं आणि सगळं खोडून पुन्हा लिहिलं.

आणि गंमत अशी, की दुसऱ्यांदा लिहिताना तिचा हात नीट चालू लागला. सान्दोमिएशला सफरचंदांच्या बागांतून सकाळी पोचायचं, दगड अजून गार असताना. विस्वा नदी पुलावरून नाही, गाडीसकट फेरीबोटीतून ओलांडायची. मुलांना बोट आवडते. तोरुनला मध-मसाल्याची बिस्किटं स्वतः साच्यात दाबायची. वार्मियाच्या गावांत ऑगस्ट संपायच्या आत पोचायचं, कारण करकोचे त्याआधी कुरणांत जमतात आणि एके दिवशी उठून जातात. ब्यावोव्येझाला पहाटेचं धुकं, आणि नशीब असेल तर धुक्यात उभा एखादा गवा, गवताच्या ओल्या गंजीसारखा. तिने हे सगळं कामगारांसाठी हजारदा आखलं होतं. आपल्या रक्ताच्या माणसांसाठी एकदाही नाही. बाप असता तर त्याने हाच रस्ता धरला असता, असं तिला वाटलं. आणि तसं वाटलं म्हणून राग दुप्पट झाला.

तिसऱ्या की चौथ्या रविवारी सेवेरिनने कागद हातात घेतला, चष्मा कपाळावर चढवला आणि वाचत खाली आला.

"वा. वा. माल्बोर्क, हो. मग ग्दान्स्क. जुनं बंदर, मोठं चर्च, बरोबर. आणि हे काय? ग्दान्स्क, मुख्य स्टेशन, फलाट. आपण तर गाडीने जाणार आहोत."

"हो."

"मग फलाटावर काय आहे?"

"काही नाही. थांबायचंय थोडा वेळ."

"कशाला?"

लेओकादियाने त्याच्या ग्लासात चहा ओतला. "पोरींनी विचारलं तर तू सांग कशाला."

तो कागदाकडेच पाहत राहिला. त्याची मान तांबूस होत गेली, कॉलरपासून कानांपर्यंत. टेबलाखाली त्याचा पाय हलायला लागला आणि ग्लासातला चमचा किणकिणू लागला.

"आई काय काय बोलायची शेवटी," तो म्हणाला. "डोकं ठिकाणावर नव्हतं तिचं."

"मी आईचं नावही काढलं नाही."

"लोजा, काढून टाक हे. स्टेशनवर गर्दी असते. भुरटे असतात."

"मी रांगेत बसायची तिथेही भुरटे होते. काढत नाही. हा थांबा नसेल तर सहलही नाही. तू घे दुसरीकडून आखून."

त्याने केक कापला. सुरी खालच्या पुठ्ठ्यापर्यंत गेली. दुसरीकडून तो आखून घेणार नव्हता, हे दोघांनाही ठाऊक होतं. कायेतानचा आत्यावर फार जीव. ती नाही तर तोही कुरकुरला असता. आणि त्याहून मोठं कारण होतं.

प्रवासाला निघण्याआधी बसायचं, हा इथला रिवाज. सामान दाराशी आलं, कोट अंगावर चढले, की सगळ्यांनी मिळेल तिथे टेकायचं आणि क्षणभर गप्प राहायचं. काही विसरून परत यावं लागलं तर पुन्हा बसायचं. बहुतेक घरांत ते गमतीने होतं. त्यांच्या घरात गमतीने नव्हतं. तिथे घरातल्या सगळ्यात थोरल्याने "चला, देवाबरोबर" म्हणेपर्यंत कुणी उठायचं नाही, कुणी बोलायचं नाही. जो आधी उठेल त्याच्यामुळे वाटेत कुणाचं तरी बरंवाईट होतं. पूर्वी वडील म्हणायचे, मग आई, आता लेओकादिया. एकदा सेवेरिन घाईघाईत न बसता निघाला आणि शहराबाहेर त्याच्या गाडीवर हरीण आदळलं. तेव्हापासून तो आयर्लंडला मुलाकडे जाताना विमानतळाच्या आधी तिच्याकडे यायचा, कोट घालून स्टुलावर बसायचा, आणि तिने शब्द उच्चारला की उठायचा. तिला फ्लू झाला होता तेव्हाही तिच्या पलंगाच्या कडेवर टेकला होता.

"राहू दे थांबा," शेवटी तो म्हणाला. "राहू दे. पोरींना रेल्वे आवडते."

"आवडणारच," लेओकादिया म्हणाली.

उरलेला उन्हाळा तिने तो फलाट मनात बांधला. बाजारातून शेपूच्या जुड्या आणताना, काकड्या बरणीत उभ्या दाबताना, चर्चमध्ये गुडघ्यांवर असताना. गाडी येईल, दारं उघडतील, माणसं उतरतील, फलाट रिकामा होईल. मग ती म्हणेल, इथे माझा बाप उभा होता. आणि सेवेरिनकडे वळून म्हणेल, आता पुढचं तू सांग. नाती वर पाहतील. कायेतान पाहील. तो काय चेहरा करेल, हे ती वेगवेगळ्या प्रकारे पाहत असे, आणि कुठल्याच चेहऱ्याने तिचं समाधान होत नसे.

*

निघायच्या सकाळी सगळे तिच्याच घरी जमले. भाड्याची मोठी गाडी खाली चेस्टनटखाली उभी होती. कायेतानने अर्धं सामान खाली नेलं होतं, अर्धं दाराजवळच्या अरुंद पॅसेजमध्ये होतं. लेओकादियाने उकडलेली अंडी, कटलेटं आणि टोमॅटो कागदात बांधले, मेव्हने "एवढं कशाला, आत्या?" असं तिच्या मोडक्यातोडक्या पोलिशमध्ये विचारलं, आणि कायेतान म्हणाला, "गपचूप घे. शहराची वेस ओलांडायच्या आत संपतं ते."

मोठी नात रूझा बूट घालत होती. धाकटी नेला सुटकेसवर घोडा घोडा करत होती.

"आजोबा, तुम्ही पण लहानपणी याच सहलीला गेला होतात?" रूझाने विचारलं.

सेवेरिन आरशासमोर टोपी नीट करत होता. आरशातूनच त्याने बहिणीकडे एकदा पाहिलं.

"मी कुठला?" तो म्हणाला. "मी रांगेत. कपडे धुवायचं यंत्र येणार होतं ना. आजोबा बसले स्टुलावर, घडीच्या. ऊन, पाऊस. सकाळ-संध्याकाळ ओरडायचं, हजर. घरासाठी कुणीतरी करायलाच हवं."

लेओकादियाच्या हातात थर्मासचं झाकण होतं. ते ती फिरवत होती, फिरवायची थांबली.

"आणि लोजाआजी?"

"लोजाआजीची चंगळ. समुद्र, वाळू. ग्दान्स्कच्या स्टेशनवर पणजोबांनी तिच्यासाठी रासबेरी आणल्या होत्या, कागदाच्या पुडीत. सगळ्या एकटीने खाल्ल्या. तोंड लाल, हात लाल. म्हणून तर आपण त्या स्टेशनवर थांबणार आहोत. आजीची आठवण आहे तिथली."

कायेतान दाराशी उभा होता, दोन्ही हातांत बॅगा. "बाबा, तू तर नेहमी उलटं सांगायचास. आत्या रांगेत आणि तुम्ही समुद्रावर."

"गमतीने सांगायचो. तू लहान होतास. आणि तुझ्या आत्याचं वय झालं आता, तिची थोडी सरमिसळ होते. आपण समजून घ्यायचं." आवाज मऊ होता, आजारी माणसाच्या खोलीत काढतात तसा.

"आत्या?" कायेतान म्हणाला. "खरं काय?"

सगळे तिच्याकडे वळले. रूझाच्या एकाच पायात बूट होता.

आता बोलायचं होतं. बोलायला तिच्याकडे सगळं होतं. पण तिच्या डोक्यात एकच गोष्ट फिरत होती. रासबेरी. एवढ्या वर्षांच्या एवढ्या नाताळांत त्याने रासबेरींचा कधी उल्लेख केला नव्हता. तिला वाटायचं, तो विसरला असेल. पोरवयात केलेलं पाप, पोराबरोबर गेलं असेल. तो काहीच विसरला नव्हता. बाप पुडी घेऊन फलाटावर गेला ते त्याने पाहिलं होतं, परत आला ते पाहिलं होतं, आणि ते चित्र त्याने जपून ठेवलं होतं, गरज पडली तर वापरायला. आज गरज पडली. न खाल्लेल्या रासबेरी त्याने तिच्या तोंडात कोंबल्या, आणि तिच्या स्टुलावर स्वतः जाऊन बसला.

फलाटावरही तो हेच करेल. ती म्हणेल, इथे माझा बाप उभा होता. आणि तो तिच्या पाठीवरून हात फिरवेल आणि पोरींना सांगेल, पाहा, आठवलं आजीला. त्याच्या तोंडून ते कधीच निघणार नाही. ज्यासाठी तिने उन्हाळाभर रस्ता आखला ती गोष्ट जगात नव्हतीच.

"चला," सेवेरिन एकदम म्हणाला, टाळी वाजवून. "बसा, बसा. वेळ झाली. बसल्यावर बोलायचं नाही, माहीत आहे ना? नेला, घोडा थांबव. लोजाआजी सांगेपर्यंत कुणी उठायचं नाही. उठलं तर वाटेत काय होतं?"

"कुणीतरी मरतं," नेला म्हणाली.

"शाबास. बस, लोजा."

सगळे बसले. कायेतानने बॅगा खाली ठेवल्या आणि तो उंबऱ्याजवळच्या खोक्यावर टेकला, अजून आत्याकडेच पाहत. मेव्ह बुटांच्या फळीवर. दोघी पोरी सुटकेसवर, पाठीला पाठ लावून, ओठ घट्ट मिटून. सेवेरिन स्टुलावर बसला, हात गुडघ्यांवर, टोपी डोक्यावर. दरवेळी तो त्याच घडीच्या स्टुलावर बसायचा, आणि ते स्टूल कुठलं हे त्याला दरवेळी माहीत असायचं. लेओकादिया शेवटी बसली, त्याच्या समोर, खुर्चीवर.

शांतता झाली. फ्रीज गुरगुरून थांबला. खाली कुणीतरी गालिचा बडवायला घेतला होता.

त्याने तिला रिवाजात कोंडलं होतं. हिशेब साधा होता. शांततेत ती बोलणार नाही. मग "देवाबरोबर" म्हणेल, मग सगळे धडपडत उठतील, अंडी, बॅगा, जिना, गाडी, आणि कायेतानचा प्रश्न इथे पॅसेजमध्ये पडून राहील. तिने त्याच्याकडे पाहिलं. तो खाली पाहत होता, आणि त्याच्या ओठांच्या कोपऱ्यात सुटकेची एक बारीक रेघ उमटत होती. बापाचेच हात. बापाचेच चौकोनी शेंडे. बाप फलाटावर उभा असताना हेच हात कुठेतरी वाळूत खेळत होते.

तिने वाट पाहिली. रेघ हळूहळू मावळली. त्याने डोळे वर केले. ती अजून काही म्हणत नव्हती.

नेलाने मान वळवून बहिणीकडे पाहिलं. बहिणीने तिला कोपराने डिवचलं. मेव्हला वाटलं असावं की हे इतका वेळ चालतंच. सेवेरिनच्या टोपीखालून घामाचा एक थेंब निघाला आणि भुवईवर थांबला. त्याने भुवया उंचावून तिला खूण केली. म्हण. तिने ती खूण पाहिली, नीट, शेवटपर्यंत, जणू कुणी लांबून हात हलवत आहे आणि आपण गाडीतून उतरलेलोच नाही.

मग लेओकादिया उठली.

सेवेरिनचं अंग स्टुलावर अर्धं वर आलं आणि पुन्हा बसलं. त्याचं तोंड उघडलं होतं, पण बोलायची परवानगी नव्हती. पोरींचे डोळे मोठे झाले. घरातली सगळ्यात थोरलीच उठली होती, शब्द न देता. असं झालं तर काय होतं हे त्यांना कुणी शिकवलं नव्हतं.

तिने थर्मास खुर्चीवर ठेवला. आखलेल्या रस्त्याचा कागद सेवेरिनच्या गुडघ्यांवर, त्याच्या दोन हातांच्या मधोमध ठेवला, ग्दान्स्कची बाजू वर करून. कायेतानला, दार त्याच्या मागे होतं म्हणून, खांद्याला धरून हलकेच बाजूला केलं. तो सरकला, पण उठला नाही. खुंटीवरून तिने आपला निळा कोट काढला आणि दार उघडलं. जिन्यातून ओल्या फरशीचा वास आत आला.

मागे कुणाचं स्टूल करकरलं नाही. ती उंबऱ्याबाहेर पडली, आणि दार तसंच उघडं ठेवून, उठायचा शब्द आपल्याजवळच ठेवून, खाली उतरू लागली.